ओव्हाळमामांचा डेड स्टॉक

गुरुवारी सकाळी साडेदहाला दशरथ ओव्हाळ मंडईतून थेट कॉलेजात आले, तेव्हा त्यांच्या काखेत पेंढा भरलेली आंब्याची पेटी होती आणि भूशास्त्राच्या हॉलमध्ये काहीच नव्हतं. चौदा कपाटं नव्हती, काचेची दोन टेबलं नव्हती, भिंतीवरचा नकाशाही नव्हता. फरशीवर कपाटांच्या पायांचे पांढरे चौकोन तेवढे उरले होते. एक वायरमन शिडीवर चढून भिंतीला भोकं पाडत होता.

“इथले दगड?” ओव्हाळांनी विचारलं.

“टेम्पोत गेले. नऊलाच,” तो वर बघतच म्हणाला.

ओव्हाळांनी काखेतल्या पेटीकडे पाहिलं. पेंढा आणला होता तो त्याच दगडांतल्या एका दगडासाठी. दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी अकरा वाजता, लखनौहून एक बाई तो दगड न्यायला येणार होत्या. तळहाताएवढी, हिरवट करड्या रंगाची, पाटीसारखी चपटी चीप. नंबर पी-४१७. अकराशे एकोणचाळीस दगड एकीकडे आणि तो एकीकडे.

हे ओव्हाळ म्हणजे कोण, ते आधी सांगायला हवं. पुण्यातल्या कॉलेजांत शिपाई, हमाल, प्रयोगशाळेतले मदतनीस हे सगळे एकजात ‘मामा’ असतात. ओव्हाळ अडुसष्ट साली नोकरीला लागले तेव्हा सत्तावीस वर्षांचे होते आणि पहिल्याच दिवशी विशीतल्या पोरांचे मामा झाले. वडील मूळचे बीडकडचे. छप्पन्न साली त्यांनी दीक्षा घेतली, गाव सोडलं आणि हडपसरला खाणीवर खडी फोडायला लागले. पोराच्या बाबतीत त्यांचं एकच मागणं होतं, की त्याने दगडाला हात लावायचा नाही. पोरगा सातवीपर्यंत शिकला, इकडेतिकडे चार कामं केली आणि शेवटी कॉलेजात दगड पुसायच्या नोकरीवर रुजू झाला. म्हाताऱ्याने कपाळाला हात लावला. “मी फोडले, तू पूस,” एवढंच तो म्हणाला.

पण ओव्हाळांनी ते काम असं केलं, की बघणाऱ्याने बघत राहावं. दर सोमवारी एक कपाट रिकामं करायचं. प्रत्येक दगड मऊ कुंचल्याने झाडायचा, त्याच्यावरच्या पांढऱ्या ठिपक्यातला नंबर चिठ्ठीशी ताडायचा, मग परत त्याच खणात, त्याच कुशीवर. क्रम मोडायचा नाही, एकही वगळायचा नाही. इंग्रजी येत नव्हतं, पण चिठ्ठीतलं एक अक्षर इकडचं तिकडे झालं तरी त्यांच्या नजरेला ते खुपे. कॉलेजात टिकाऊ वस्तूंची एक नोंदवही असते, तिला डेड स्टॉक रजिस्टर म्हणतात. खडू, आम्ल, स्पिरिट वापरलं की संपतं, ते त्यात येत नाही. भिंगं, तराजू, खुर्च्या, दगड, म्हणजे ज्या वस्तू पिढ्यान्‌पिढ्या सांभाळायच्या, त्या डेड स्टॉक. दर मार्चमध्ये तपासणी व्हायची. तेहतीस मार्च गेले, ओव्हाळांच्या कपाटांतून एक नग कमी निघाला नाही. प्राध्यापक मंडळींची पुस्तकं मात्र दरवर्षी गहाळ होत, पण त्यांना विचारणार कोण?

पी-४१७ हा नंबराने मागचा, पण मानाने त्या वहीत पहिल्या पानावर चढवलेला नग. विभागप्रमुख आठल्ये सरांनी तो चौसष्ट साली हिमालयातल्या स्पिती खोऱ्यातून आणला होता, लोकरीच्या कानटोपीत गुंडाळून, सगळा प्रवास मांडीवर ठेवून. त्या चिपेवर बोटभर लांबीचा एक जीव उमटलेला होता. डोकं अर्धचंद्रासारखं, त्यावर चंद्रकोरीच्या आकाराचे दोन डोळे, खाली मधोमध कणा आणि दोन्ही बाजूंना फासळ्यांसारख्या वळ्या. अंगाचे उभे तीन भाग, म्हणून त्रिखंडी. पन्नास कोटी वर्षांहूनही आधी समुद्राच्या तळाशी सरपटणारा प्राणी, खेकड्याविंचवांचा लांबचा भाऊबंद. या त्रिखंडींच्या हजारो प्रजाती होत्या, सगळ्या नामशेष झाल्या. त्यातली ही फार जुनी प्रजाती, रेडलिशिया. पहिल्या वर्षाची पोरं तिला ‘रेडकू’ म्हणत आणि ओव्हाळांची बोलणी खात.

रेडलिशियाचं डोकं पुष्कळांना सापडतं. शेपूट सापडत नाही, कारण ते तांदळाच्या दाण्याएवढं असतं आणि त्या भागातले खडक तर हिमालयाने पिळून काढलेले. आठल्ये सरांच्या चिपेवर डोकं, धड आणि शेपूट एकसंध होतं. सरांनी चित्र काढून लेख छापला. फोटो दिला होता, पण छपाईत शेपटाच्या जागी काळा डाग आला. मग परदेशातल्या एका विद्वानाने लिहिलं, की हे शेपूट दगडात नसून चित्रकाराच्या डोक्यात असावं. झालं. सभ्य भाषेत खोटारडा म्हणून घेतल्यावर माणसाने काय करावं? सर चिडले नाहीत, भांडले नाहीत. फक्त त्या दिवसापासून त्यांनी तो दगड कोणाच्या हातात दिला नाही. दर सोमवारी तो पुसायचा अधिकार एका ओव्हाळांना. “मामा, याचं शेपूट म्हणजे माझं तोंड आहे,” असं ते एकदा म्हणाले होते. नव्व्याण्णव साली सर गेले. त्यांची विद्यार्थिनी डॉक्टर श्रद्धा आता लखनौला जीवाश्मांवर काम करत होती. नव्या कॅमेऱ्याने, नव्या भिंगाखाली शेपटाचे फोटो काढून सरांचं म्हणणं खरं करायचं तिने मनावर घेतलं होतं.

एव्हाना भूशास्त्राला विद्यार्थी उरले नव्हते. दोन हजार एक साल. ज्याला त्याला कॉम्प्युटर शिकायचा होता, आणि त्यात चूक काहीच नव्हतं. ओव्हाळांच्या स्वतःच्या मुलीने, निकिताने, तोच कोर्स घेतला होता. जूनपासून हॉलमध्ये कॉम्प्युटरचे वर्ग बसायचे होते. संस्थेच्या विश्वस्तांचे चिरंजीव सुदर्शन यांच्याकडे ते काम होतं. कॉम्प्युटरच्या सुट्या भागांचा त्यांचा धंदा होता. माणूस सभ्य, शिपायालाही ‘अहो’ म्हणणारा. बुधवारी संध्याकाळी ते हॉलमध्ये आले, कपाटांवरून नजर फिरवली आणि विचारलं, “मामा, हे सगळं डेड स्टॉकच ना?”

आणि ओव्हाळांची छाती फुगली. तेहतीस वर्षांत वरच्या कोणी हा प्रश्न इतक्या नेमक्या शब्दांत विचारला नव्हता.

“होय साहेब. एकूण एक डेड स्टॉक. अकराशे चाळीस नग. बाहेरची एक वस्तू सापडणार नाही.” एवढ्यावर थांबतील तर ते ओव्हाळ कसले? त्यांनी कोपऱ्यातला खण उघडून दाखवला. “आणि हा तर पहिल्या पानावरचा.”

“ग्रेट. मग इथे एक सही करा.”

कागद इंग्रजीत होता. त्यांनी सही केली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते याला.

पुढचं त्यांना गुरुवारी ऑफिसातल्या फोनवर समजलं. सुदर्शनसाहेब गाडीत होते, आवाज तुटत होता. “अहो मामा, तुम्हीच म्हणालात ना, सगळं डेड स्टॉक? डेड स्टॉक म्हणजे पडून राहिलेला माल, जो खपत नाही. आमच्याकडे तो सहा महिन्यांत काढून टाकतात. मी तर तुम्हाला विचारून काढलाय.” श्रद्धाबाईंचं पत्र प्राचार्यांच्या फायलीत होतं आणि प्राचार्य मेच्या सुट्टीत गावाला. याच पुण्यात ‘ध’चा ‘मा’ झाल्याची गोष्ट पोरासोरांना पाठ आहे. इथे तर अक्षरही बदललं नव्हतं.

ओव्हाळांनी फोन ठेवला. त्यांना साहेबांचा राग यायला हवा होता, तो आला नाही. स्वतःचा ‘होय’ तेवढा कानात वाजत राहिला.

फाटकाशी टेम्पो उभा होता. ड्रायव्हर पोपट जुनी बाकं चढवायला दुसऱ्या खेपेला आला होता.

“कपाटं जुन्या बाजारात उतरवली,” तो म्हणाला. “दगडं कोण घेतंय, मामा? खराडीला एका साइटवर भराव पायजे व्हता. तितं वतली.”

“वतली?”

“मंग काय हारानं वाहायची?”

ओव्हाळ त्याच्या शेजारी चढून बसले, पेटी मांडीवर घेऊन. पोपटाने एकदा त्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि बाकं तशीच सोडून गाडी सुरू केली. येरवड्याच्या पुलावर गाड्या अडकल्या होत्या. ओव्हाळ घड्याळात बघत, मग रस्त्याकडे, मग पुन्हा घड्याळात. चीप किती पातळ आहे ते त्यांना ठाऊक होतं. टेम्पोतून ओतल्यावर ती शाबूत राहिली असेल का? आणि राहिली असली, तर वरून आणखी काय पडलं असेल?

साइटवर ते साडेअकराला पोचले. बाहेर काचेच्या इमारतीचं रंगीत चित्र, आत लाल मुरमाचं मैदान. एका कडेला भरावाचे ढीग टाकलेले होते आणि पलीकडे रोलर उभा होता. मुकादमाने आडकाठी केली नाही. “न्या काय न्यायचं ते. दोनला रोलर फिरणार, मग माझ्याकडं यायचं नाही,” एवढंच त्याने बजावलं.

ढीग बैलगाडीएवढा. काळा फत्तर, विटांचे तुकडे, सिमेंटचे गोळे आणि त्यांच्यामधून डोकावणारे ओव्हाळांचे दगड. गुलाबी स्फटिक त्यांनी लांबूनच ओळखला, मग गारगोटी, मग शंख रुतलेला चुनखडक. जिवात जीव आला. बरेचसे शाबूत होते. ते गुडघ्यांवर बसले, खिशातला कुंचला काढला आणि कामाला लागले.

इथे त्यांचं चुकलं. हातात आलेला पहिला दगड त्यांनी झाडला, नंबर पाहिला, पेंढ्यात ठेवला. दुसरा झाडला, नंबर पाहिला, ठेवला. तेहतीस वर्षांची सवय. दगड उचलला आणि बाजूला टाकला, असं त्या हातांनी कधी केलंच नव्हतं. डोक्यात पी-४१७ घण घालत होता आणि हात मात्र सोमवारच्या चालीने चालले होते. पेटी भरली, पोपटाने सिमेंटची रिकामी पोती आणून दिली, त्यातलं एक भरलं, दुसरं लागलं.

“मामा, जो पायजे त्यो आधी शोधा की,” पोपट म्हणाला. “बाकीचं मागनं बघू.”

“सगळेच पाहिजेत,” ओव्हाळ म्हणाले. त्यांच्या आवाजात राग होता. पोपट उकरायला लागला. पण त्याला काय ओळखू येणार? तो विटेचा तुकडासुद्धा विचारायला आणायचा.

साडेबाराला शिट्टी झाली. बिगारी बायामाणसं भाकरीला उठली. एक बाई ओव्हाळांच्या अंगावरूनच गेली आणि वीस पावलांवर पाण्याच्या पिंपाशी जाऊन बसली. ओव्हाळांनी मान वर करून विचारलंही, “बाई, इथला चपटा दगड कोणी नेला का? हिरवट?”

“दगडाला काय तोटा हाय का हितं?” ती म्हणाली आणि तांब्याने पायांवर पाणी ओतायला लागली.

त्यांनी मान खाली घातली. हातात गारगोटीचे चार तुकडे होते, एकाच नंबरचे. ते त्यांनी जुळवून बघितले, चिंधीत बांधले, पोत्यात ठेवले. पिंपाकडून घर्र घर्र आवाज येत होता. तो त्यांच्या कानांवर बराच वेळ पडत होता. दगडावर दगड आपटावा तसा तो नव्हता, आणखी मऊ काहीतरी होतं. ओव्हाळांचा हात थांबला. त्यांनी पुन्हा वर पाहिलं.

बाई टाच घासत होती. मुठीत धरलेल्या चपट्या दगडाने, ओल्या टाचेवर, खालून वर, खालून वर. दगड हिरवट करडा होता.

ओव्हाळ धावले. साठीला टेकलेला माणूस मुरमावर घसरला, उठला, तसाच गेला. “थांबा,” एवढंच तोंडातून निघालं. बाई दचकली आणि तिने दगड छातीशी धरला.

“काय झालं, ओ?”

“तो दगड आमचा आहे. द्या. सावकाश द्या.”

तिने दिला. डोकं तिच्या मुठीत होतं, ते जसंच्या तसं होतं. दोन्ही चंद्रकोरी दिसत होत्या. धडाच्या वळ्याही होत्या. खालचं टोक गुळगुळीत झालं होतं. ओव्हाळांनी अंगठा फिरवला, सदऱ्याने पुसलं, खिशातलं भिंग लावलं. तांदळाच्या दाण्याएवढी जागा सपाट होती आणि तिच्यावर ओली करडी पूड होती.

“कधी घेतलात हा?” त्यांनी विचारलं.

“आत्ताच की. शिट्टी झाली तवा. तुमच्या पायापाशी पडला व्हता, त्यावर रेघा हायत म्हणून घेतला. टाचा लई फुटल्यात बघा.” तिने पाय पुढे केला. भेगांतून रक्त आलं होतं. “देवाचा व्हता का, दादा? मला ठावं नव्हतं.”

तिचं नाव इंदुबाई. ओव्हाळांना तिच्यावर ओरडायचं होतं. मनापासून ओरडायचं होतं. पण अशाच टाचा त्यांनी पोरवयात रोज संध्याकाळी पाहिल्या होत्या, खाणीवरून आलेल्या आईच्या. “देवाचा नव्हता,” ते म्हणाले. “तुमची चूक नाही, बाई.” आणि तिथेच पिंपाला टेकून बसले. पायापाशी पडला होता. तासभर. ते गारगोट्या जुळवत होते तेव्हा तो पायापाशी होता.

रोलर दोनला सुरू झाला तोवर चारशे बारा नग निघाले होते. बाकीचे खराडीतच राहिले.

शुक्रवारी साडेदहाला सुदर्शनसाहेब स्वतः व्हरांड्यात आले. त्यांना सगळं कळलं होतं आणि वाईटही वाटलं होतं, ते खोटं नव्हतं. “मामा, एक सांगू? जुनी वस्तू आहे. शेपूट आधीपासूनच झिजलेलं होतं, असं लिहून टाका. तुम्ही ऑगस्टमध्ये रिटायर होताय. सही तुमची आहे कागदावर, चौकशी लागली तर पेन्शन अडकेल. त्या मॅडमना कुठे माहितीये काय होतं आणि काय नव्हतं?”

ते बरोबर होतं. जिवंत माणसांत ते शेपूट नीट पाहिलेले एकटे ओव्हाळच होते. श्रद्धानेही विद्यार्थिदशेत काचेतून पाहिलं होतं तेवढंच. ‘आधीपासून’ हा एक शब्द लिहिला, की सगळं मिटत होतं. ओव्हाळ सुटत होते, साहेब सुटत होते. आठल्ये सर तेवढे कायमचे खोटे ठरत होते, पण ते काही विचारायला येणार नव्हते. साहेबांनी सुचवण्याआधीच, रात्रभर ओव्हाळांनी हाच शब्द उलटासुलटा करून पाहिला होता.

अकराला श्रद्धा आली. चाळिशीची, केस पिकायला लागलेली. वाकून नमस्कार करायला लागली तेव्हा ओव्हाळ मागे सरकले. बाकावर बसून तिने पेटी उघडली, पेंढा बाजूला केला, चीप उन्हाकडे धरली, भिंग लावलं.

“मामा, शेपूट?”

“जुना नग आहे, मॅडम,” सुदर्शनसाहेब म्हणाले. “झिजतंच.”

श्रद्धाने भिंग खाली ठेवलं. ती ओव्हाळांकडे बघत होती. “आधीपासूनच नव्हतं का, मामा? खरं सांगा. सरांनी... मनाने काढलं होतं का ते?”

तिच्या डोळ्यांत पाणी होतं. सरांच्या लाडक्या विद्यार्थिनीलाही शंका आली होती, तिथे परक्यांचं काय?

“होतं, बाई,” ते म्हणाले. “दोन वळ्या होत्या आणि टोकाला बारीक खाच. सरांनी काढलंय तस्संच. तेहतीस वर्षं मी दर सोमवारी बघितलंय.”

साहेब खाकरले आणि फाटकाकडे बघू लागले. मग ओव्हाळांनी सगळं सांगितलं. बुधवारचा ‘होय’, सही, भराव, गारगोट्या, पिंप. काही गाळलं नाही, स्वतःला कुठे वाचवलं नाही.

श्रद्धाने चीप पेंढ्यात परत ठेवली. नंतर तिने ताबा देण्याघेण्याचा कागद काढला. त्यात वस्तूच्या स्थितीचा एक रकाना होता. “मामा, तुम्ही यात काय लिहाल ते कोणी पुरावा म्हणून धरणार नाही,” ती हळूच म्हणाली. “आणि चौकशी मात्र तुमच्यावर नक्की लागेल. रिकामा सोडलात तरी चालेल मला.”

ओव्हाळांनी पेन मागून घेतलं. सातवीपर्यंतचं अक्षर, पण रेघेवरून ढळलं नाही.

“मी डेड स्टॉक म्हणालो म्हणून हा दगड भरावात गेला. डोके व धड शाबूत. शेपूट काल दुपारी साडेबारा वाजेपर्यंत होते. द. रा. ओव्हाळ.”